पाचपैकी तीन

सिंधू, या वर्षीपासून बर्फावरच्या हॉकीची पहिली फेरी सात सामन्यांची झाली आहे. जो संघ आधी चार सामने जिंकेल तो पुढे जाईल, दुसरा घरी. ही बातमी मला तुझ्या दिलीपने दिली, आणि ती कोणत्या वेळी दिली हे सांगितले तर तू पदर तोंडाला लावून हसशील. तुझ्या अस्थी विसर्जित करून तो नुकताच परतला होता. ओट्यावर बसला. मी पाण्याचा तांब्या पुढे ठेवला. पाणी पिऊन तो म्हणाला, "मावशी, पहिला राऊंड आता सातचा केला त्यायनं. चार जिंका लागतेत."

मी विचारले, "सातही खेळतात, की चार झाले की थांबतात?"

"चार झाले की थांबतेत."

"अस्सं," मी म्हणाले.

हा प्रश्न मी का विचारला, हे त्याला त्या वेळी कळले नसावे. तुला कळले असते. की नसते? सिंधू, हेच मला उलगडत नाही, आणि म्हणूनच तुला लिहिते आहे. पोस्टात टाकण्यासारखे हे पत्र नाही, हे मला ठाऊक आहे.

गोंधळ झाला की ज्ञात गोष्टी आधी एका बाजूला लिहून घ्याव्यात, असे मी मुलींना तीस वर्षे सांगत आले. तेच आता करते.

तू आपल्या शाळेत शिवण शिकवायचीस; मी गणित, आणि गरज पडेल तेव्हा इंग्रजी. आपल्या दोन घरांत एक भिंत सामाईक होती. तू भिवापूरच्या शेतकऱ्याची लेक, बोलणे थेट. मी पुस्तकी. पहिल्या दिवसापासून तू मला 'मास्तरीण' म्हणत आलीस, जणू तू स्वतः त्या शाळेत दुसरेच काही करत होतीस. दिलीपचे वडील लवकर गेले. त्याला तू एकटीने इंजिनिअर केलेस, आणि तो कॅनडातल्या विनिपेग नावाच्या शहरी एका कारखान्यात नोकरीला लागला.

सुरुवातीच्या पत्रांत तो थंडीचे लिहायचा, भाताचे लिहायचा, घरमालकिणीच्या मांजरीचे लिहायचा. मग हळूहळू बाकी सारे गळून पडले आणि पत्रांत एकच विषय राहिला, बर्फावरची हॉकी. कारखान्यातल्या लोकांबरोबर तो ती पाहायला जायचा. शहराचा एक संघ होता, तो व्यावसायिक लीगमध्ये खेळायचा, आणि दिलीप त्याला 'आपला संघ' म्हणायचा. एके दिवशी ते निळे एरोग्राम हातात घेऊन तू माझ्याकडे आलीस.

"मास्तरीण, हे पाय. चार पानं लिहिले पोट्ट्यानं. जेवला का, झोपला का, एक अक्षर नाही. सारं बरफाचं."

"आनंदात आहे, असा अर्थ घे," मी म्हटले.

"मी कशाले घेऊ अर्थ? तू सांग. तो ज्याच्यात आहे ते मले समजलं पायजे. नाही त मी त्याले काय लिहू? इकडे ऊन पडून राहिलं, एवढंच?"

दिलीप तुला मराठीत लिहायचा. पण वेगळ्या पाकिटातून इंग्रजी वर्तमानपत्रांची कात्रणे पाठवायचा, आणि तुझे इंग्रजी कापडाच्या गिरणीच्या शिक्क्यांपुरतेच. म्हणून कात्रणे माझ्या वाट्याला आली. पत्रे तुझ्याकडे राहिली. ही विभागणी लक्षात ठेवण्यासारखी आहे. मी तेव्हा ती ठेवली नाही.

एकदा आपण शाळेसाठी रिळे आणि मांजरपाट आणायला इतवारीच्या बाजारात गेलो होतो. बोळाच्या तोंडाशी बर्फाच्या लाद्यांची हातगाडी उभी होती, वर लाकडाचा भुसा आणि ओले पोते. तू पोते उचललेस, भुसा झटकलास आणि लादीवर सरळ तळहात टेकवलास.

"याच्यावर पळतेत?"

"पळत नाहीत, घसरतात. बुटांना पोलादी पाती असतात."

"आन् पडले त?"

"पडतात. उठतात."

तू हात काढायला तयार नव्हतीस. गाडीवाला म्हणाला, "बाई, बरफ घ्याचा हाय का हात शेकाचा हाय?" तू त्याला शांतपणे म्हणालीस, "थांब न गा. माह्या पोराचं गाव पाहून राहिली मी." तो बिचारा थांबला. मला मात्र फार संकोच वाटला होता. आज त्याच बोळातून गेले तर मी स्वतः पोते उचलीन की काय, असे वाटते.

मग माझे वर्ग सुरू झाले. उरलेल्या प्रश्नपत्रिकांच्या कोऱ्या बाजूवर मी तुला चौकटी आखून दाखवायची. लीगमध्ये एकवीस संघ. प्रत्येकाचे वर्षभरात ऐंशी सामने. त्यातून सोळा संघ अंतिम स्पर्धेला पात्र. इथे तू मला थांबवलेस.

"एकवीसमधून सोळा पास?"

"हो."

"ऐंशी पेपर घेऊन पाच नापास करतेत? आपली हेडमास्तरीण त्याहून कडक आहे वं."

  मी पुढे गेले. संघांचे चार गट, आणि प्रत्येक गटातले पहिले चार घ्यायचे. पहिल्या फेरीत गटातला पहिला चौथ्याशी खेळतो, दुसरा तिसऱ्याशी. एकच सामना नव्हे, मालिका. पहिले दोन सामने वरच्या क्रमांकाच्या गावी, पुढचे दोन खालच्याच्या गावी आणि पाचवा पुन्हा वरच्याच्या गावी. वर्षभर चांगले खेळल्याचे बक्षीस एवढेच.

"वर्षभर पयला नंबर काढला," तू म्हणालीस, "त्याले पुन्हा चवथ्यासंग परीक्षा काहून? अन् चवथा जिंकला, त पयल्याचं वर्षभराचं काय?"

"काही नाही. तो बाहेर."

"हा कोणता न्याय?"

मी म्हटले, एका सामन्यात दैवाने कोणीही जिंकू शकतो. अनेक सामने ठेवले की दैवाचा भाग कमी होतो. तू म्हणालीस, दैव कमी करायचे होते तर ऐंशी सामने कशाला होते, तेच पाहायचे. हा वाद आपण तीन-चार उन्हाळे घातला. तो अर्धाच राहिला, आणि मला आता प्रामाणिकपणे सांगायचे तर तुझी बाजू अधिक बरोबर होती.

एक नियम मात्र तुला मनापासून आवडला. वर्षभराच्या सामन्यांत बरोबरी चालते. या मालिकांत चालत नाही. ठरलेल्या वेळेत बरोबरी झाली तर वीस मिनिटांचा आणखी एक डाव, तोही तसाच गेला तर आणखी एक, आणि एक गोल होईपर्यंत असेच. गोल झाला की त्याच क्षणी सामना संपला. "म्हंजे निकाल लावल्याबिगर कोणी घरी जात नाही," तू म्हणालीस. "हे बेस आहे." त्या वेळी तुझ्या हातात कोणाचे तरी काजे करायला घेतलेले झंपर होते आणि तू दाताने दोरा तोडलास. हे मला का आठवते, ठाऊक नाही.

आता माझी चूक.

पाच सामन्यांची मालिका म्हणजे पाच सामने, असे मी तुला सांगितले. क्रिकेटच्या कसोट्या मला ठाऊक होत्या. तिथे पाच सामने ठरले की पाचही होतात. एखाद्या संघाने पहिले तीन जिंकले तरी उरलेले दोन खेळले जातातच, पाहुणे आले आहेत, तिकिटे छापली आहेत. आपल्याकडे रेडिओ ऐकणाऱ्या प्रत्येकाला हे ठाऊक असते. बर्फावर वेगळे असेल, अशी शंकाही मला आली नाही. कात्रणात चौथ्या आणि पाचव्या सामन्यापुढे एकेक तारा छापलेला होता. ताऱ्याची तळटीप जिथे असायला हवी, तिथून दिलीपने कात्री फिरवलेली. तू बोट ठेवून विचारलेस, "हे काय?" मी म्हटले, "शेवटचे सामने महत्त्वाचे, म्हणून खूण केली असेल." वर्गात एखाद्या मुलीने असे उत्तर दिले असते, तर मी तिला विचारले असते: आधार काय?

त्यानंतरच्या वर्षीच्या, म्हणजे आजपासून चार वर्षांपूर्वीच्या, मार्चमध्ये दिलीपचे ते पत्र आले. तू मला त्यातला एवढाच भाग वाचून दाखवलास: "आपला संघ बहुतेक चौथा येईल. पहिल्याशी खेळावे लागेल. तारखांचे कात्रण पाठवतो. मालिका संपली की डॉक्टरांच्या घरी फोन करतो. एक विचारायचे आहे, आणि त्याचे उत्तर मला पत्रात नको, तुझ्या आवाजात पाहिजे."

आपल्या शेजारी डॉक्टर राहत, गल्लीतला एकमेव फोन त्यांच्याकडे. मी कागद घेतला आणि गणित मांडले. बुधवार आणि गुरुवार, पहिले दोन सामने परगावी. शनिवार आणि रविवार, पुढचे दोन विनिपेगला. मंगळवारी पाचवा. ते आपल्यापेक्षा साडेअकरा तास मागे, त्यांची मंगळवारची रात्र म्हणजे आपली बुधवारची सकाळ. "बुधवारी सकाळी घरात राहा," मी तुला सांगितले. ठामपणे सांगितले. फळ्यावर उत्तराखाली दोन रेघा ओढाव्यात तसे.

"मग मी मधात भिवापूरले जाऊन येते," तू म्हणालीस. "भावाकडच्या मिरच्या वाळल्या असन. शुक्रवारी जाते, सोमवारी येते."

"जा," मी म्हटले. "भरपूर वेळ आहे."

शुक्रवारी सकाळी मी तुला बसपर्यंत पोचवायला आले. रिकामे पोते घडी करून तू काखेत धरले होतेस. बस सुटायला अवकाश होता. तू एकाएकी म्हणालीस, "मास्तरीण, मायनं 'ये' म्हटलं त ती मतलबी. 'नको येऊ' म्हटलं त वैरीण. मायले कोणी इचारूच नये."

मी काय उत्तर दिले, आठवते? मी म्हटले, "बुधवारी सकाळी सातपासून तयार राहा, जादा डाव झाले तर दहाही वाजतील." तू माझ्याकडे पाहिलेस, मान हलवलीस आणि बसमध्ये चढलीस. त्या पाहण्याचा अर्थ मी चार वर्षे लावते आहे.

रविवारी सकाळी, साडेदहाच्या सुमारास, डॉक्टरीणबाई फाटकातूनच ओरडल्या, "अवो बाई! कॅनडा! कॅनडा आला!" मी पायात चपला न घालता धावले. त्यांच्या बैठकीत सारे घर फोनभोवती उभे होते. रिसीव्हरमधून आधी नुसती खरखर, मग दिलीप, फार लांबून.

"माय?"

"दिलीप, मी मावशी बोलते. सिंधू भिवापूरला गेली आहे."

खरखर.

"भिवापूरले?"

"अरे, मालिका संपल्यावर करणार होतास ना? अजून दोन सामने आहेत."

"संपली मावशी." आवाज बुडाला, पुन्हा वर आला. "तीन हारलो. संपली."

"पण पाच—"

"पाचपैकी तीन, मावशी. तीन झाले की संपते."

सिंधू, तीस मुलींसमोर फळ्यापाशी उभी आहे आणि पहिल्याच ओळीत चूक केली आहे, असे वाटले. मी घाईने म्हटले, "सोमवारी दुपारी ती येते. संध्याकाळी पुन्हा कर." तो म्हणाला, "पायतो." आणि आवाज तुटला.

सोमवारी तू आलीस. मिरचीचे पोते ओट्यावर टाकलेस, आपण दोघी खूप शिंकलो आणि शिंकता शिंकता मी तुला सांगितले की दिलीपचा फोन येऊन गेला. तू थांबलीस.

"काहून? बुधवारी होता न?"

आणि मी म्हटले, "वेळापत्रक ऐनवेळी बदलले."

मुलींनी पाढा चुकला तर मी रागावत नसे. चुकलेले लपवले तर रागावत असे. तू मला त्यावरून हसायचीस. आणि तुला मी हे सांगितले. 

"बदललं का?" तू म्हणालीस. "बरं."

मी म्हटले, संध्याकाळी तो पुन्हा करील, आपण डॉक्टरांकडे जाऊन बसू. तू म्हणालीस, "आला त डॉक्टरीण हाक मारीन. मी काय फोनाले चिकटून बसू?" आणि मिरच्यांचे देठ खुडत राहिलीस. मीच जाऊन बसले. फोन आला नाही. दुसऱ्या दिवशी मी म्हटले, सीताबर्डीच्या तारघरात जाऊन आपणच कॉल लावू. तू हात पाण्यात बुडवून बसली होतीस, मिरचीने आग होत होती. "नको वं," म्हणालीस. "त्याले काम असन."

तीन आठवड्यांनी त्याचे पत्र आले. नागपूरच्याच एका कारखान्यातून त्याला नोकरीची विचारणा झाली होती. त्या आठवड्यातच उत्तर द्यायचे होते. त्याने नाही कळवले. आता तिकडेच राहीन म्हणाला. तू ते पत्र मला सबंध वाचून दाखवलेस, एकाच सुरात, आणि घडी घालून म्हणालीस, "चाल, तिखट कुटाले कोणाले बोलवाचं ते पाहू." मला वाटले, तू आता मला विचारशील. तू विचारले नाहीस. मी सांगितले नाही. रोज एक भिंत ओलांडून आपण एकमेकींना भाजीची वाटी देत राहिलो.

मात्र त्यानंतर दर एप्रिलमध्ये तू एकदा तरी विचारायचीस, "ओ मास्तरीण, या साली किती मॅची?" आणि मी म्हणायची, "जास्तीत जास्त पाच." 'जास्तीत जास्त' हे दोन शब्द मी त्या वर्षानंतर जोडले होते. ते ऐकून तू हसायचीस. ते हसणे कशाचे होते? तुला दुरुस्ती ऐकू आली म्हणून? की मी अजूनही गंभीर चेहऱ्याने शिकवते म्हणून? की तू उगीच हसायचीस, जशी तू पुष्कळदा उगीच हसायचीस?

दोन वर्षांपूर्वी दिलीप तीन आठवडे येऊन गेला. तुम्ही मायलेक ओट्यावर बसून तासन्‌तास बोलायचात. त्या फोनाविषयी तुम्ही बोललात की नाही, हे मी भिंतीपलीकडून ऐकायचा प्रयत्न केला, हेही आता कबूल करते. ऐकू आले ते एवढेच, की कोणाचा तरी गोलरक्षक जखमी होता.

आता तू नाहीस, आणि परवा दिलीप तुझी पत्रांची पेटी घेऊन माझ्याकडे आला. त्याने एक एरोग्राम काढून माझ्यापुढे धरला. फोन चुकला त्याच्या आधीच्या वर्षीचा. त्याच्या अक्षरात, स्वच्छ मराठीत: "पहिल्या फेरीत पाचपैकी तीन जिंकले की मालिका तिथेच संपते, उरलेले सामने होत नाहीत." आणि समासात, पेन्सिलीने, तुझे अक्षर: "तीन टाके निघाले का शिवण उसवली."

मी चष्मा पुसून पुन्हा वाचले. यापेक्षा चांगले मी कधीच समजावले नसते. तुला कळले होते, सिंधू. माझ्या चौकटींची, माझ्या बाणांची तुला गरज नव्हती.

मग तू मला का विचारत राहिलीस? मी पाच सामने म्हटले तेव्हा माझी चूक का नाही काढलीस? माझ्या चुका काढायला तू कधी मागेपुढे पाहिले नाहीस. माझ्या सासरच्या पद्धतीच्या पुरणपोळीपासून हेडमास्तरीणबाईंच्या निरोपाला मी केलेल्या भाषणापर्यंत.

मी पद्धतीने विचार करून पाहिला. समज, तुला त्या मार्चमध्ये सारे ठाऊक होते. नोकरीचेही, कारण दिलीप म्हणतो, विचारणा आल्याचे त्याने आधीच कळवले होते. मग तू माझे चुकीचे उत्तर मुद्दाम हाती धरलेस आणि भिवापूरला निघून गेलीस, म्हणजे तुला 'ये' किंवा 'नको' म्हणावे लागू नये. बसजवळचे बोलणे याच्याशी जुळते. मिरच्यांचे देठही जुळतात. पण समासातली ओळ कधीची आहे? पत्राला तारीख आहे, पेन्सिलीच्या ओळीला नाही. ती तू नंतरही लिहिली असशील; फोन चुकल्यावर, जुने पत्र काढून, स्वतःला समजावण्यासाठी. तसे असेल तर तू पत्र आधी वाचून विसरली होतीस आणि माझ्या शब्दावर गेलीस, आणि माझ्यामुळे तुझा मुलगा आज विनिपेगला आहे. किंवा तुला दोन्ही ठाऊक होते, मुलाचे तीन आणि माझे पाच, आणि तू मनात म्हणालीस, मास्तरीण सांगते ते बरोबर असेल, तिने पेपर वाचला आहे. ही शेवटची शक्यता मला सर्वांत जास्त लागते. कोणती खरी, हे ठरवायला माझ्यापाशी एकही पुरावा नाही. एकाच उदाहरणाची तीन उत्तरे येतात आणि तिन्ही पडताळून पाहिली तरी बरोबर येतात, असे माझ्या उभ्या नोकरीत कधी झाले नाही.

एक मात्र निश्चित आहे: माझ्यावर रागावायला तुझ्याकडे चार वर्षे होती, आणि त्या चार वर्षांत माझ्या गुडघ्याला तेल तूच चोळलेस. याबद्दल आभार मानावेत, तर आधी तू क्षमा केलीस असे धरावे लागते. आणि क्षमा करण्यासारखे काही तुला ठाऊक होते का, तिथेच पुन्हा अडते.

दिलीपने पत्र घडी करून ठेवले आणि माझ्याकडे न पाहता म्हणाला, "मावशी, मी तिले हे लिहिलं होतं. तिले माहीत होतं का तीनातबी संपू शकते. तरी ते गेली. मले वाटलं, तिले मले उत्तर द्याचं नव्हतं. म्हून मी सोमवारी फोन नाही केला. पुन्हा काय इचाराचं, असं वाटलं." मग पेटीचे झाकण लावत तो म्हणाला, "चार वर्षं झाले, मी कोणाले इचारलं नाही. तिलेबी नाही. तुम्ही सांगा. ते मुद्दाम गेली होती का?"

चाळिशीकडे आलेला माणूस, सिंधू, डोक्यावरचे केस काढलेले, आणि तोंड तुझे. तो माझ्या उत्तराची वाट पाहत बसला होता.

मी म्हटले, "तिने मला विचारले होते. मी तिला सांगितले की पाचही सामने होतात. चूक माझी होती, आणि नंतर मी तिच्यापाशी ती लपवली. वेळापत्रक बदलले, असे खोटे सांगितले."

"पण मी लिहिलं होतं न तिले."

"लिहिले होतेस. तिने माझे खरे मानले. ती बुधवारची वाट पाहत होती, दिलीप. सोमवारी धावत परत आली ती त्यासाठीच."

"म्हंजे ते घरी राहणार होती?"

"राहणार होती."

त्याने गुडघ्यांत डोके घातले. घाटावर तो रडला नव्हता, मी पाहत होते. तिथे तो लोकांना जागा करून देत होता. आता रडला. बराच वेळ. मग डोळे पुसून एकदम हसला आणि म्हणाला, "माय तुम्हाले लय मानत होती, मावशी." मी मान हलवली.

काल तो परत गेला.

सिंधू, मी त्याला दोन गोष्टी सांगितल्या. मी चुकले, ही खरी आहे. तू माझ्यावर विश्वास ठेवलास, ही खरी आहे की नाही हे मला माहीत नाही. पण पाच सामन्यांचे ज्या ठाम आवाजात मी तुला सांगितले होते, त्याच आवाजात मी त्याला तीही सांगितली.